राहुकाळाच्या आधी पडलेला पेला

तमिळनाडूतली एक अख्खी पिढी सासूला घाबरते, ती माझ्यामुळे! थट्टा नाही करत. टीव्हीवरच्या मालिकेत सासू दाराआडून ऐकते आणि मान वळवते. एकदा, दोनदा, तीनदा! प्रत्येक वळणाला जो 'ढाण्ण' आवाज होतो, तो माझा. एकोणीस वर्षं मी चेन्नईत हेच करतोय. करवंट्या आपटून घोडे पळवलेत, ओला टॉवेल फरशीवर हाणून शेकडो गुंड लोळवलेत, काकड्या मोडून त्यांची हाडं मोडलीत. मोडलेल्या काकड्यांची कोशिंबीर बायकोने मला सलग तीन वर्षं खायला घातली! मी गुणशेखरन. नाव तुम्ही ऐकलं नसेल. आवाज ऐकलाय, पैज लावतो.

अशा माणसाला एक दिवस अख्खा सिनेमा मिळाला. गाणी नव्हतीच, पण पार्श्वसंगीत सगळं माझं! पडद्यावर 'संगीत' या शब्दाखाली माझं नाव येणार!

हे ऐकून जग आनंदलं. फक्त माझे सासरे सोडून.

आमचे मामा, म्हणजे माझ्या बायकोचे, मंगैचे वडील, वायलिन विद्वान पट्टाभिरामन. चाळीस वर्षं सिनेमाच्या वाद्यवृंदात पहिल्या रांगेत पहिल्या खुर्चीवर बसले. सहाशेच्या वर सिनेमे. मामी गेल्यापासून आमच्याकडेच राहतात, आणि माझी ओळख करून देताना एकच शब्द वापरतात. "हा आमचा जावई. आवाजवाला." मी मालिकांना सुरावटी दिल्या, तरी आवाजवाला. बक्षीस मिळालं, तरी आवाजवाला. तेव्हा मी मनाशी ठरवलं होतं, या सिनेमाने दुसरं काही मिळो न मिळो, मामांच्या तोंडून एकदा 'संगीतकार' ऐकायचंच!

त्यासाठी बेत असा फक्कड आखला होता, की काय सांगू! चाळीस वादक बोलवायचे. पहिला सूर मामांचा. एकटा, लांब, धीरगंभीर षड्ज. मग त्यात एकेक वाद्य मिसळत जाणार. सुरुवात शुक्रवारी सकाळी दहाला. अर्ध्या तासाने राहुकाळ लागतो, तर त्याच्या आधी दोन-तीन टेक आरामात होतील!

मामा वरवर म्हणाले, "बघू." पण गुरुवारी वेष्टीला, म्हणजे पांढऱ्या धोतराला, दोनदा कांजी केली आणि वायलिनच्या गजाला इतकी राळ चोळली, की मंगैला शिंका सुटल्या.

पण या बेतात मी दोन माणसं धरलीच नव्हती. एक, निर्माते सोलैयप्पन चेट्टियार. कारैकुडीचे, सागवानाचे व्यापारी. दिलदार माणूस, पण ज्योतिष्याला विचारल्याशिवाय लिफ्टचं बटण दाबत नाहीत. आणि दुसरी त्यांची आई, ब्याऐंशी वर्षांची. तिला सगळे आच्ची म्हणतात. आच्ची कानात लखलखत्या हिऱ्याच्या कुड्या घालून नऊ वाजताच स्टुडिओत हजर! बरोबर भटजी, दृष्ट काढायला भोपळा नि लिंबं, आणि पन्नास माणसांची न्याहारी.

आच्चीची पूजा दहाला संपायची ती सव्वादहाला संपली. भोपळा फुटला, लिंबं चिरडली, कापूर ओवाळला, आणि मी "चला, जागा घ्या!" म्हणून मागे वळतो तर खुर्च्या रिकाम्या. चाळीसच्या चाळीस वादक गच्चीवर केळीच्या पानांसमोर!

मी धावत वर गेलो. "अहो, उठा! राहुकाळ येतोय!"

"उठा?" बासरीवाला दचकला. "पानावरून? अजून पायसम यायचंय!"

"पायसम नंतर!"

"गुणा, भरल्या पानावरून उठवलंस तर तुझ्या सिनेमाला माझा तळतळाट लागेल हं!" आणि हे बोलणारा माणूस शनिवारी मंदिरात भजन वाजवतो! मी आल्या पावली खाली आलो.

खाली एकच, एकेचाळिसावा वादक होता. मामा. ते बाहेरचं खात नाहीत, एका लग्नातल्या अवियलने दगा दिल्यापासून. त्यांची दहा पंचवीसची कॉफी मात्र चुकत नाही. मंगैने फ्लास्क दिला होता, आणि त्यांचा लाडका पितळी पेला. तर मामा माइकसमोर बसलेत, मांडीवर वायलिन, हातात वाफाळता पेला, आणि दार ढकलून चेट्टियार आत!

"दहा अठ्ठावीस! दोन मिनिटं राहिली! काहीही करा, पहिला आवाज आत्ताच्या आत्ता रेकॉर्ड झाला पाहिजे!"

मी काचेपलीकडच्या रेकॉर्डिंगच्या खोलीत उडी मारली. "डॉमिनिक, लाल दिवा! मामा, षड्ज!"

मामांनी चाळीस वर्षांच्या सवयीने झटकन गज उचलला. दुर्दैवाने ज्या हाताने उचलला, त्याच हातात पेला होता.

टण्ण! मग टिण्-टिण्. मग घर्रर्र करत घरंगळत गेला, नोटेशनच्या स्टँडला टिचकी मारली, स्वतःभोवती तीन गिरक्या घेतल्या आणि शेवटी बारीकसा ठप्प. त्यामागोमाग मामांच्या पार पोटातून आलेला आवाज. "अय्यय्यो!"

आणि साडेदहा वाजले.

"टेक ओके," डॉमिनिक म्हणाला. आमचा हा साउंड इंजिनिअर झोपेतही टेक ओके म्हणतो.

"झालं!" चेट्टियारांनी हात जोडले. आच्चीने पुढे होऊन संगणकाला कापूर ओवाळला.

मामा ताडकन उठले. वेष्टीवर कॉफीचा नकाशा. "पुसून टाका ते."

"पुसायचं?" आच्चीने डोळे वटारले. "शुभमुहूर्तावर पडलेला पहिला नाद पुसायचा? आणि नुसता ठेवायचा नाही हं, सिनेमात यायला हवा! आवाज आहे तसा, कानामात्रा न बदलता!"

"बाई, सहाशे सिनेमांत वाजवलंय मी! माझा पहिला सूर म्हणून भांडं?"

"भांडं नाही, नाद!"

मामांनी वायलिन पेटीत ठेवली, कड्या लावल्या आणि मला म्हणाले, "आवाजवाल्याच्या सिनेमात आवाजच येणार. ते पुसल्याशिवाय मी गजाला हात लावणार नाही." आणि रिक्षा करून घरी निघून गेले. पाच मिनिटांनी चाळीस वादक ढेकर देत खाली आले नि विचारू लागले, "पट्टाभि अण्णा कुठे?"

त्या दिवसापासून घरात मौनव्रत. म्हणजे माझ्यापुरतं. जेवताना मामा माझ्या शेजारी बसून मंगैला सांगत, "मंगै, त्यांना म्हणावं मीठ सरकवा."

"अप्पा, ते तुमच्या कोपराशी आहेत!"

"असतील. मला आवाज ऐकू येतात, माणसं नाही."

इकडे सिनेमाचं घोडं अडलेलं. शेवटच्या प्रसंगात म्हातारा बाप परदेशी गेलेल्या मुलाची वाट बघत ओसरीवर प्राण सोडतो. तिथे साडेतीन मिनिटांचं एकट्या वायलिनचं वादन मी लिहिलं होतं, आणि ते फक्त मामांच्या हातातूनच निघणार होतं. दुसऱ्या दोघांनी वाजवून बघितलं. म्हातारा मेला, पण कुणाला वाईट वाटेना!

मग मी तेच केलं, जे अशा वेळी कुठलाही भित्रा माणूस करतो. धडधडीत खोटं बोललो.

"मामा, पुसलं."

"शपथ?"

"तुमच्या पेल्याची शपथ!"

मामा आले, डोळे मिटले, आणि असे वाजवून गेले की डॉमिनिक 'टेक ओके' म्हणायचं विसरला. तरी मामांनी स्वतःच अकरा टेक घेतले. त्यांना एकाही टेकमध्ये समाधान नाही, पहिल्यापासूनचा स्वभाव आहे.

आता उरला पेला. मी म्हटलं, एवढा मोठा सिनेमा, एवढंसं भांडं, कुठेही ढकलून देऊ! मारामारीत टाकला. बारा गुंड, चार हातगाड्या, एक काचेचं कपाट, त्यात कुणाला ऐकू येणार? आच्ची प्रत्येक रीळ बघायला यायची. मारामारी संपली. ती म्हणाली, "माझा नाद कुठाय?"

"आच्ची, ते काय, कपाट फुटतं ना, त्याच्या खाली आहे!"

"पहिला नाद खाली? वर काढ!"

चहाच्या टपरीत टाकला. तर दिग्दर्शक इनियन, वय सत्तावीस, दाढीला हात लावून म्हणतो, "सर, टपरीवर काचेचे ग्लास असतात. खोटं वाटेल." हाच माणूस, ज्याचा नायक एका उडीत दोन विहिरी ओलांडतो! लग्नाच्या प्रसंगात टाकला, तर चेट्टियार किंचाळले, "लग्नात भांडं पाडताय? माझ्या दोन पुतण्यांची लग्नं व्हायचीयत!"

आणि प्रत्येक ठिकाणी तो 'अय्यय्यो' आडवा यायचा. मारामारीत ठीक होता. पण प्रेमप्रसंगात नायक नायिकेचा हात धरतो आणि कुठूनतरी एक म्हातारा 'अय्यय्यो' ओरडतो, हे बरं दिसतं का?

शेवटी मला एक नामी युक्ती सुचली. (माझ्या नामी युक्त्यांचं पुढे काय होतं ते तुम्हाला एव्हाना कळलंच असेल.) दुसराच पेला पाडायचा, बिनअय्यय्योचा, आणि हाच तो म्हणून आच्चीला ऐकवायचा!

मामा देवळात गेल्यावर स्वयंपाकघरात माइक लावला. त्रेचाळीस वेळा पेला पाडला! चौतिसाव्याला खालच्या मजल्यावरच्या कमलवेणी मामी वर आल्या, आणि मला ओलांडून मंगैला म्हणाल्या, "हे बघ बाई, पुरुष माणूस आहे, रागावतो. तू उलटून बोलू नकोस. भांडी संपली की आपोआप शांत होईल."

"मामी, ते काम करतायत!"

"हो हो, आमचे हे पण असंच म्हणायचे."

संध्याकाळी त्रेचाळिसावा टेक आच्चीला ऐकवला. तिने डोळे मिटून ऐकलं.

"तंबी, माझं लग्न झालं तेव्हा माहेरून साडेसातशे भांडी आली होती. रात्री माजघरात उंदराने एखादं पाडलं, तर मी अंथरुणातून सांगायची कुठलं ते. हा स्टीलचा आहे. त्या दिवशीचा पितळी होता, आतली कल्हई एका बाजूने उडालेली, आणि अर्धा भरलेला. रिकाम्या भांड्याचा नाद असा हलकट येतो. कुणाला फसवतोस?"

मी त्या म्हातारीच्या पाया पडलो. खोटं कशाला बोलू, एकोणीस वर्षांत असा कान मी पाहिला नव्हता!

आच्ची नरमली नाहीच. चेट्टियार म्हणाले, पेला नाही तर सिनेमा नाही. तेव्हा इनियन दाढी खाजवत उठला. "सर, शेवटचा प्रसंग पुन्हा चित्रित करू. बाप ओसरीवर कॉफी घेऊन बसलाय. वाट बघतोय. हातातून पेला सुटतो, घरंगळतो, थांबतो. बाप 'अय्यय्यो' म्हणतो आणि मान टाकतो. बस्स."

"आणि वायलिन?"

"वायलिन कशाला? तिथे पेलाच पाहिजे. फक्त पेला."

मी भांडलो. खरंच भांडलो! मग प्रसंग जोडून बघितला. पेला थांबतो तिथून पुढे मी मामांचं वायलिन सुरू करून पाहिलं, मग एक सेकंद उशिरा, मग तीन, मग सहा. आणि मग मी ते बंदच केलं. कारण इनियनचं खरं होतं, आणि मामांचा सोलो, तो सबंध साडेतीन मिनिटांचा सोलो, मी माझ्या हाताने काढून टाकला होता.

आता घरी कोण सांगणार?

"तुम्ही," मंगै म्हणाली.

"तुझे वडील आहेत."

"पण पेला तुमचा आहे!"

सिनेमा पहिल्यांदा दाखवायच्या दिवशी मामांनी जरीकाठी वेष्टी नेसली. मंगैचे काका, आत्या, चुलतभाऊ मिळून सतरा नातेवाईक बोलावले होते. घरून निघाल्यापासून मी तीनदा तोंड उघडलं.

"मामा, शेवटच्या प्रसंगाबद्दल..."

"माझ्या वादनाच्या वेळी आवाज जरा वाढवायला सांगा." चक्क माझ्याशी थेट बोलले! इतक्या आठवड्यांत पहिल्यांदा!

"मामा, त्या वादनाचं..."

"आत्याच्या उजव्या कानाला कमी ऐकू येतं. तिला डावीकडे बसवू नका."

तिसऱ्यांदा तोंड उघडलं आणि थिएटरातले दिवेच गेले. माझ्या एका बाजूला मामा, दुसऱ्या बाजूला मंगै, पुढच्या रांगेत आच्ची. सिनेमाभर मी माझं संगीत ऐकलंच नाही. नुसता घड्याळाकडे बघत होतो.

ओसरी आली. म्हातारा बसला. मामांनी कोट नसताना कोट नीट करावा तशी अंगवस्त्राची घडी सारखी केली, मान ताठ केली. मागच्या सतरा जणांत कुजबुज झाली, "आता अण्णांचं!"

टण्ण!

टिण्-टिण्. घर्रर्र. तीन गिरक्या. ठप्प.

"अय्यय्यो!"

"अगं, हा तर आपल्या अण्णाचा आवाज!" आत्या ओरडली. तिला नको ते बरोबर ऐकू येतं.

आणि मग शांतता. पडद्यावर नुसता आडवा पडलेला पेला, आणि थिएटरात चिटपाखरूही हलेना. मग कुणीतरी नाक ओढलं. मग आणखी कुणीतरी. आच्ची पदराने डोळे पुसत होती. चेट्टियार तर हमसून हमसून रडत होते, आणि ते तर पैसे घातलेला माणूस! मी हळूच शेजारी पाहिलं. मामांची खुर्ची रिकामी.

मी बाहेर धावलो. मामा प्रसाधनगृहात बेसिनशी उभे. तोंडावर पाणी मारत होते.

"मामा, मी खोटं बोललो. पुसलं नव्हतं. आणि तुमचं वादन मीच काढलं. इनियनने नाही, मी काढलं." एका दमात बोललो. आता पायातली चप्पल निघते की काय म्हणून एक पाऊल मागेही सरकलो.

मामांनी नळ बंद केला. "तो पेला पुन्हा पाडून घेतलात?"

"नाही. तोच तो. त्या दिवशीचा."

"कापलात? जोडलात?"

"नाही मामा. जसाच्या तसा."

"म्हणजे," मामा आरशात बघत हळूहळू म्हणाले, "एका टेकमध्ये?"

"एका टेकमध्ये."

"चाळीस वर्षांत माझा एकही सूर एका टेकमध्ये ओके झाला नव्हता!" त्यांनी अंगवस्त्राने तोंड पुसलं. डोळे लाल होते. पाण्याने होत नाहीत तसे. "सहाशे सिनेमांत वाजवलं, पण माझ्यामुळे कुणी रडलेलं पाहिलं नव्हतं. आम्ही पडद्याकडे पाठ करून बसायचो." मग दाराशी जाऊन थबकले. "पेला थांबल्यावर तुम्ही काहीच वाजवलं नाहीत. ते बरं केलंत. मी असतो तर वाजवलं असतं."

मला इतकं भरून आलं, की मी त्या प्रसाधनगृहातच त्यांच्या पाया पडलो. वाकताना हात सुकवायच्या यंत्राला डोकं लागलं आणि ते सुरू झालं. तरीही ते माझ्या आयुष्यातलं सगळ्यात सुंदर पार्श्वसंगीत होतं!

सिनेमा चालला. बरा चालला. फोन मात्र दणादण येऊ लागले! पहिला फोन एका बड्या दिग्दर्शकाचा. मी उभा राहूनच घेतला.

"गुणशेखरन सर? तुमचा सिनेमा पाहिला. काय ते काम! मला माझ्या पुढच्या सिनेमात तसंच हवंय. नंबर देता का?"

"माझाच आहे हा, सर!"

"तुमचा नाही हो. ज्यांनी पेला पाडला त्यांचा."

अशी आतापर्यंत चार कामं आली आहेत. मामांनी वायलिनची पेटी कपाटावर टाकली आणि बाजार पालथा घालून नऊ पितळी पेले आणले. निवडायला आच्ची कारैकुडीहून आली होती. रोज सकाळी मामा दिवाणखान्यात माइकसमोर ताठ बसतात, डोळे मिटतात, श्वास घेतात आणि पेला सोडतात. भरलेला. रिकाम्याचा नाद हलकट येतो ना! अकरा टेक होतात. बाराव्याला ते म्हणतात, "पहिलाच बरा होता." माइक मी धरतो, कारण डॉमिनिकला आता मामांनी पूर्णवेळ 'टेक ओके' म्हणायला ठेवून घेतलंय.

परवा सकाळी सातवा टेक झाला. कॉफी पार सोफ्याखाली गेली. मामांनी डोळे उघडले, समाधानाने मान हलवली, माझ्याकडे प्रेमाने पाहिलं, आणि जे ऐकायला मी एकोणीस वर्षं कान टवकारून बसलो होतो, ते अखेर मोठ्याने म्हणाले:

"अहो संगीतकार, फडकं आणा!"

आणलं. काय करता, शब्द तर मिळाला!